रिळातल्या बाई आणि हिचा डावा पाय

२ फेब्रुवारी, सकाळी

आजपासून रोज चार ओळी लिहायच्या. कुणाला दाखवायच्या नाहीत. डोकं जागेवर राहतं म्हणतात. माझं जागेवरच आहे, पण असू दे.

परिस्थिती अशी: हिला झटका येऊन दोन महिने झाले. डावी बाजू गेली. ‘गेली’ नाही, ‘कमजोर झाली’, असं म्हणायचं ठरलंय. बोलणं शाबूत आहे. हात निम्म्यापर्यंत वर येतो. पाय ओढत टाकते, तोही कुणी धरलं तर.

ही ड्रायव्हिंग शिकवत होती. शिकवते. अर्ध्या गल्लीच्या हातात हिनेच स्टिअरिंग दिलंय, मला सोडून. माझ्यात घाई फार आहे म्हणे. झटका आला तेव्हा गाडी दारात उभी आणि चालवणारी स्वयंपाकघरात फरशीवर. मी किल्ली हातात घेऊन नुसता उभा. असो.

डाव्या पायाशिवाय क्लच नाही, आणि क्लचशिवाय ही म्हणजे ही नाही. तेव्हा पाय आणायचाच. निश्चय झाला आहे.

संध्याकाळी

फिजिओबाई येऊन गेल्या. घोटा वर, घोटा खाली. घोटा वर, घोटा खाली. मध्ये विश्रांती. त्या कसल्या दमल्या होत्या कोण जाणे. मी विचारलं, कधी चालेल? म्हणाल्या, सुरुवातीचे महिने फार महत्त्वाचे असतात, आणि घाई अजिबात करायची नाही. या दोन गोष्टी एका वाक्यात कशा बसतात, असं मी नम्रपणे विचारलं. त्यांनी तोंड वाकडं केलं. (हा शब्दप्रयोग घरात बंद केलाय. इथे चालेल.)

५ फेब्रुवारी

घबाड सापडलं!

एका बंद पडलेल्या हॉस्पिटलच्या माळ्यावरचे डबे आमच्याकडे आलेत. आमच्याकडे म्हणजे फिल्म संग्रहालयात. मी तिथे जुनी रिळं दुरुस्त करतो: फाटलेल्या कडा, सुटलेले जोड, बुरशी, सगळं. तिसऱ्या डब्यात मूकपट निघाला. पहिली पाटी: अर्धांगवायूच्या रुग्णासाठी व्यायाम. दुसरी पाटी: हात. मग पाय. मग जिना.

एक जाड बाई, पांढरा झगा, डावी बाजू लुळी. अगदी हिच्यासारखीच! (जाड सोडून.) शेजारी मिशीवाले डॉक्टर, मागे नर्स. आधी बाई खुर्चीत. मग उठतात काय, चालतात काय, शेवटी जिना चढतात काय! तुरुतुरु. आणि चेहऱ्यावर हसू. घोटा वर, घोटा खाली असला पोरखेळ नाही.

टेबलवरच्या मशीनवर तीनदा पाहिलं. जेवायचं राहिलं. रिपोर्टमधला ‘स्पीड’चा रकाना नंतर भरू. मोबाइलवर उतरवून घेतलं. साहेबांना विचारलं नाही, कारण विचारलं असतं तर ते नको म्हणाले असते. उगाच त्यांना वाईटपणा कशाला?

६ फेब्रुवारी

हिला दाखवलं. शेवटपर्यंत बघितलं तिने. मग फिल्म न बघता माझ्याकडेच बघत बसली. म्हणाली, बऱ्याच दिवसांनी तुमचा चेहरा माणसासारखा दिसतोय, तर करून बघू.

पद्धतीवर तिचा विश्वास बसला, याचं समाधान वाटलं.

८ फेब्रुवारी

फिजिओबाईंना मोकळं केलं. दारातच सांगितलं की आमची पद्धत आता वेगळी आहे, जुनी आणि सिद्ध झालेली. त्यांनी विचारलं, कोणी सिद्ध केली? मी मोबाइल दाखवला. त्या पायऱ्या उतरून गेल्या. वाद घालण्यात त्यांना रस नव्हता, यावरून काय ते समजावं.

१० फेब्रुवारी

ऑफिसात डोकं फिरलं. कुणीतरी जुन्या मिरवणुकीचा मूकपट इंटरनेटवर टाकलाय, त्यात माणसं उंदरांसारखी पळतायत. खाली लोक हसतायत. अडाणीपणाची कमाल! तेव्हा कॅमेरा हाताने फिरवायचे. सेकंदाला सोळा-अठरा चित्रं. आजचं मशीन चोवीस दाखवतं. मग दीडपट वेगाने पळणारच ना सगळं. लोकांना वाटतं आपले पणजोबा असेच धावायचे. वीस वर्षं हेच सांगतोय, कोण ऐकतंय? साहेबांना म्हटलं, जनजागृतीसाठी माझं एक भाषण ठेवा. ते बघू म्हणाले.

घरी: व्यायाम सुरू. जेवणाच्या खुर्चीची पाठ धरून उभी राहिली. मोबाइल समोर कपाटावर लावला. रिळातल्या बाईंबरोबर पाय टाकायचा. ही मागे पडते. साहजिक आहे. पहिलाच दिवस.

१३ फेब्रुवारी

मागेच पडते. रिळातल्या बाईंचं एक पाऊल टाकून दुसरं सुरू, तोवर हिचा पाय अजून विचारच करतोय. मी टाळ्या वाजवून ताल धरतो. ती म्हणाली, टाळ्या नकोत. शिट्टी आणली. शिट्टी तर त्याहून नको म्हणाली. मग करायचं काय माणसाने?

नवीन संकल्प: चिडायचं नाही.

१४ फेब्रुवारी

चिडलो. पण थोडाच.

१६ फेब्रुवारी

रिळातल्या डॉक्टरांसारखी मिशी ठेवायची ठरवली. तिच्यामुळे रुग्णावर वजन पडतं. सुरुवात चार दिवसांपूर्वीच केली होती, आज हिच्या लक्षात आली. बघितलं आणि हसली. झटक्यानंतर पहिल्यांदा. अर्ध्याच तोंडाने, पण खरंखुरं हसली, डोळ्यांत पाणी येईपर्यंत. मला बाथरूममध्ये जाऊन थोडा वेळ नळ सोडून उभं राहावं लागलं.

चेहऱ्याचे स्नायू सुधारत आहेत. पद्धतीचा पहिला परिणाम.

१८ फेब्रुवारी

आज हिने खुसपट काढलं. मध्येच थांबून म्हणाली:

“अहो, तो रुमाल बघा.”

फिल्ममध्ये नर्सच्या हातून रुमाल पडतो. मी शंभरदा पाहिलाय, त्यात काय बघायचं? ती म्हणाली, रुमाल असा पडतो का? दगडासारखा पडतोय. आपल्या डाव्या हाताने ओढणीचं टोक धरून सोडलं तिने, ते तरंगत तरंगत खाली गेलं. म्हणाली, या बाई खरंच एवढ्या पळत नसणार हो.

मी समजावलं की पूर्वीचं कापड जाड असायचं. आताच्यासारखं पोकळ नाही.

तिने ओढणी सावरली. खुर्ची धरून परत उभी राहिली. नंतर लक्षात आलं, ओढणी डाव्या हाताने धरली होती. मी त्याचं कौतुक करायला विसरलो. उद्या करायचं.

२० फेब्रुवारी

काल कौतुक राहिलं. आज करणार होतो, पण ऑफिसातून आलो तो वैतागून.

स्कॅनरवाल्या मॅडमकडे माझं रीळ गेलं. आमच्याकडे रिळांचं कॉम्प्युटरवर उतरवणं त्या करतात. मी इतकी वर्षं त्यांना शिकवतोय. आज त्याच मला विचारतात, हे सोळावर ठेवू ना? मी म्हटलं, चोवीसवरच असू द्या. त्यांनी चष्मा काढला. म्हणाल्या, तुम्हीच तर सगळ्यांना सांगत असता.

मी सांगतो हे खरं. पण ते मिरवणुकीचं वेगळं, दवाखान्याचं वेगळं. काही कॅमेरेवाले हात जोरात फिरवायचे, हेही तितकंच खरं आहे. या माणसाने जोरात फिरवला असेल. मॅडम म्हणाल्या, भिंतीवरचं घड्याळ दिसतंय ना, त्याचा लंबक बघा की. मी बघितला. म्हटलं, ते घड्याळ पुढे धावत असेल. हॉस्पिटलातल्या घड्याळांना कोण चावी देतंय वेळेवर?

मॅडमनी चष्मा लावला आणि हळूच विचारलं, वहिनी कशा आहेत? मी म्हटलं, उत्तम.

रात्री हिला यातलं काही सांगितलं नाही. मधेच शंका घातली तर व्यायामावरचा विश्वास उडतो. कुणाचा, ते महत्त्वाचं नाही.

२२ फेब्रुवारी

आता ‘जिना’ हा भाग घ्यायचा. ही म्हणाली, अजून सपाट जमिनीवर धड नाही, जिना कशाला? मी म्हटलं, भीतीवर मात करायची. ती म्हणाली, भीती मला नाही वाटत.

मग कुणाला वाटते? उगाच काहीतरी बोलायचं.

लाकडी पाटावर पाट ठेवून दोन पायऱ्या तयार केल्या. छान झाल्यात. सुतारकाम माझ्या अंगातच आहे.

२४ फेब्रुवारी

छोटीशी अडचण आली.

पाट सरकला. म्हणजे पाट सरकण्याचं काही कारण नव्हतं. मी ‘चल, चल, चल’ म्हटलं, तिने घाईने डावा पाय उचलला, आणि पाट सरकला. मी धरलं असतं, पण माझ्या हातात मोबाइल होता.

जास्त लागलं नाही. घोटा.

डावाच.

२५ फेब्रुवारी

डॉक्टर म्हणाले, हाड वाचलं, पण तीन आठवडे त्या पायावर भार नाही. तीन आठवडे! मी म्हटलं, अहो, सुरुवातीचे महिने महत्त्वाचे असतात. ते म्हणाले, हो, म्हणूनच. असं म्हणून त्यांनी माझ्याकडे जे बघितलं ते मला आवडलं नाही. डॉक्टरांची हॉस्पिटलात तक्रार करायची पद्धत काय असते, ते बघायला हवं. पाट विकणाऱ्या दुकानदाराचीही करता येईल.

घरी आल्यावर ही म्हणाली, काल मी पडले तेव्हा तुम्ही आधी काय उचललंत? मी म्हटलं, तुला. ती म्हणाली, नाही.

मोबाइल पायात आला असता हो. कुणाला तरी लागला असता.

२६ फेब्रुवारी

मेहुणी आली. हिची धाकटी बहीण. बोलावली कुणी? हिनेच, माझ्या मागे फोन करून. आणि फिजिओबाईंनाही! ही आणि त्या गेले आठवडाभर फोनवर बोलतायत असं निघालं. मी ऑफिसात असताना बाई येऊनही गेल्या होत्या. दोनदा. घोटा वर, घोटा खाली, माझ्याच घरात, चोरून!

मेहुणीने शिट्टी कचऱ्यात टाकली. म्हणाली, भावजी, ताईला मी घेऊन जातेय. माझं घर तळमजल्यावर आहे. मी म्हटलं, विचार तरी तिला. ती म्हणाली, विचारलंय.

हिच्याकडे बघितलं. ती खुर्चीत बसून चपलेचा पट्टा लावत होती. एका हाताने. मी मदतीला वाकलो.

“राहू द्या,” ती म्हणाली. “तुमच्याने बघवत नाही मला हळू चालताना. मला कळतं ते. पण मी आता एवढीच आहे. कधी फास्ट होईन का माहीत नाही. तोवर मला बघायला येणारा माणूस हवा, पळवणारा नको.”

मी म्हटलं, मी तुझ्यासाठीच करत होतो सगळं. ती म्हणाली, माहीत आहे. आणि माझ्या मिशीवरून हात फिरवला. उजवा.

गाडी मेहुणीने चालवली. हिनेच शिकवलेली आहे ती.

२७ फेब्रुवारी

घर शांत आहे. अभ्यासाला बरं.

चहा दोन कप झाला. दोन्ही प्यायलो.

१ मार्च

ठरवलेल्या गोष्टी: एक, भांडी रोजची रोज. दोन, मेहुणीला फोन करून शांतपणे माफ करायचं. तीन, पद्धतीत चूक कुठे झाली ते तटस्थपणे तपासायचं. माझ्या मते चूक पाटाची.

५ मार्च

फोन केला. माफ करायचं राहून गेलं, कारण मेहुणीने ‘ताई व्यायाम करतेय’ म्हणून ठेवून दिला.

मिशी काढली. खाज येत होती.

६ मार्च

आज जे झालं ते नीट लिहायला हवं.

स्कॅनरवाल्या मॅडमनी रीळ तयार केलं. साहेबांनी सही करायच्या आधी मी तपासायचं असतं. लावलं. सोळावर ठेवलं होतं त्यांनी, माझं न ऐकता. म्हटलं बघू तर खरं.

तीच फिल्म, पण संपतच नाही. बाई खुर्चीतून उठतात. उठतात म्हणजे आधी पुढे झुकतात, थांबतात, नर्सकडे बघतात, परत बसतात. परत झुकतात. पाऊल टाकतात आणि उभ्या राहतात. पाय थरथरतोय. मी त्याला ताल समजत होतो. ते मिशीवाले डॉक्टर काही हुकूम देत नाहीयेत. नुसते दोन्ही हात पुढे करून उभे आहेत, बाईंच्या कंबरेपासून वीतभर लांब, पडल्या तर धरायला. सगळा वेळ. त्यांचे हात मी याआधी बघितलेच नव्हते. मी फक्त मिशी बघितली होती.

जिन्याच्या दुसऱ्या पायरीवर नर्स रुमाल काढते, बाईंचं तोंड पुसते, आणि तो हातून सुटतो. तरंगत पडतो. हिच्या ओढणीसारखा. आणि ते हसू... ते हसू नाहीये. दात ओठांवर रोवलेत बाईंनी. मग कॅमेऱ्याकडे बघून काहीतरी म्हणतात. आवाज नाही, पण ‘पुरे’ कुठल्याही भाषेत कळतं.

मला फार वाईट वाटलं. मशीन बंद केलं आणि टेबल धरून बसलो. मॅडमनी पाणी आणून दिलं. विचारलं, काही दोष आहे का? मी म्हटलं, नाही, बरोबर आहे. स्पीडचा रकाना भरला. सही केली.

७ मार्च

कालचा दिवस जरा हळवा गेला. जागरण आणि उपास, दुसरं काही नाही. मात्र एक धडा घेतला: वेग हा मुद्दाच नाही. संयम हा मुद्दा आहे. मी मुळात संयमी माणूस आहे, फक्त परिस्थितीने वेळ दिला नाही. आता जाऊन हिला भेटायचं, एक अक्षर न बोलता बघायचं. सुचवायचं नाही. टाळी नाही. हात मागे बांधून उभं राहायचं. घरी सराव चालू केला आहे. दूध तापताना समोर उभं राहून काही न करणं, वगैरे. एकदा उतू गेलं, पण मी जागचा हललो नाही.

१९ मार्च

मेहुणीचा फोन. घोटा बरा झाला. कालपासून ताई काठी घेऊन घरात चालतेय. यायचं असेल तर रविवारी या, तीच म्हणाली. पुढे मेहुणीने विचारलं, भावजी, नुसतं बघायला येणार ना? मी म्हटलं, हे काय विचारणं झालं?

इस्त्री केली. निळा शर्ट, तिला आवडतो. मोबाइल न्यायचा नाही.

२२ मार्च, रविवार

गेलो होतो.

फिजिओबाईही होत्या. त्यांना नमस्कार केला. त्यांनीही केला. मेहुणीने मला दाराजवळ उभं केलं. ही आतल्या खोलीच्या उंबऱ्यात होती. बारीक झालीय. केस कुणीतरी छान बांधून दिले होते. मला बघून हसली, आणि या वेळी थोडं जास्त तोंड वर गेलं. म्हणाली, तिथेच थांबा, मी येते.

आणि यायला लागली.

काठी पुढे. मग उजवा. मग डावा पाय, ओढत नाही, उचलून. मग थांबायची. श्वास घ्यायची. परत काठी. मेहुणी सोफ्याशी, फिजिओबाई भिंतीशी, कुणी धरलं नव्हतं. मी हात मागे बांधले होते. घट्ट. एक अक्षर बोललो नाही. ती अर्ध्या खोलीत आली. इतकी हळू, इतकी हळू, आणि तिचा डावा पाय हवेत अडकल्यासारखा थांबला, आणि मला वाटलं पडते आता, पडतेय, लवकर टेकव गं, लवकर.

“चल, चल,” मी म्हटलं.

तोंडातून गेलं. अगदी हळू आवाजात गेलं. आणि हातांची टाळी कधी झाली, मला खरंच कळलं नाही.

पाय टेकला तिने. व्यवस्थित टेकला. मग माझ्याकडे बघत उभी राहिली. रागावली नव्हती, ती रागावलेली मला ओळखता येते. मग काठी बाजूला घेतली, आणि हळूहळू, एकेक पाऊल जुळवत, वळली. पाठ माझ्याकडे करून तशीच चालत आत गेली. जायलाही तेवढाच वेळ लागला. आम्ही तिघं उभे होतो. आतून दार लावून घेतलं.

मेहुणी म्हणाली, भावजी, या आता.

बसने घरी आलो. चहा एकच कप केला.

वळण फार अवघड असतं या आजारात. पायात पाय अडकतो, भलेभले पडतात. ही पहिल्याच खेपेला वळली, कुणाच्या आधाराशिवाय. एवढं माझ्यामुळे झालं.